गद्य संपतं आणि पद सुरू होतं तिथे

फोंडा तालुक्यातल्या आमच्या गावात माघातल्या जत्रेला संगीत नाटक होतं. पाऊस लवकर गेला काय किंवा सुपारीला भाव पडला काय, नाटक चुकत नाही. पुरुषपात्रं गावातली असतात. त्यांत कोणी बँकेत असतो, कोणी पंचायतीत, कोणाचं हार्डवेअरचं दुकान असतं. नायिका मात्र बाहेरून येते. जत्रेच्या दोन दिवस आधी ती पोहोचते, तिची पदं पाठ असतात, एक रंगीत तालीम होते आणि रात्री नाटक उभं राहतं. नाटकाच्या खर्चात तिच्या मानधनाचा वाटा मोठा असतो. या व्यवस्थेत कोणाला काही वावगं वाटत नव्हतं, मलाही नाही. मी सव्वीस वर्षं या नाटकांना ऑर्गनची साथ करते आहे आणि त्या सव्वीस वर्षांत गावातली एकही मुलगी नायिका म्हणून उभी राहिलेली मी पाहिली नव्हती.

गेल्या वर्षी ‘कुलवधू’ ठरलं. ठरलेली नटी आजारी पडल्याचा निरोप पाच आठवडे आधी आला. दुसरी शोधेपर्यंत तालमी थांबायला नकोत म्हणून दिग्दर्शकांनी मला विचारलं, “टीचर, तुमच्याकडे गायला येते ती पेडण्याची सून नुसती पदं म्हणायला येईल का?” ती आली, आणि आठ दिवसांनी दुसरी नटी शोधायचं सगळ्यांनीच सोडून दिलं.

त्या पाच आठवड्यांत जे झालं ते इथे सविस्तर मांडते. गोव्यात आणि कोकणात अशी नाटकं बसवणारे पुष्कळ आहेत. आम्हाला आलेली अडचण त्यांनाही येत असणार.

मुलगी आणि तिची अडचण

मुलगी सत्तावीस वर्षांची, प्राथमिक शाळेत शिकवणारी. लग्न होऊन गावात येऊन दोन वर्षं झालेली, माहेरीच गाण्याची विशारद केलेली. आवाज काळी चारचा, म्हणजे पेटीवरची चौथी काळी पट्टी हा तिचा ‘सा’, आणि तिन्ही सप्तकांत मोकळा. घरून विरोध होईल असं आम्ही धरून चाललो होतो, पण तिची मांय, म्हणजे सासू, एवढंच म्हणाली, “गा गो बाय, पूण रांदून दवरून वच.” पुढचे पाच आठवडे ती संध्याकाळी सातला रांधून, झाकून तालमीला येत असे. घरचा प्रश्न इतक्यात सुटला.

खरा प्रश्न पहिल्या तालमीला समोर आला. नाटकाची नायिका भानुमती, तिचं गद्य ती छान बोलत होती. शाळेत मुलांसमोर बोलायची सवय होती, उच्चार स्वच्छ होते, भीड नव्हती. पदाआधीचं शेवटचं वाक्य संपलं. ती थांबली. माझ्याकडे पाहिलं. मी सूर दिला. तिने डोळे मिटले, उजवा हात आपोआप वर आला आणि ‘क्षण आला भाग्याचा’ सुरू झालं. सूर पक्के, ताना मोत्यासारख्या. सभामंडपात बसलेले म्हातारे पुढे सरकून ऐकू लागले. पण भानुमती तिथे नव्हती. ती त्या शेवटच्या वाक्यापाशीच थांबली होती आणि तिच्या जागी बैठकीत बसलेली एक गायिका गात होती. पद संपलं, तिने डोळे उघडले, समोर उभ्या असलेल्या नटाकडे पाहिलं आणि पुढचं वाक्य विसरली.

ते वाक्य ती त्याच जागी सलग चार दिवस विसरली. दिग्दर्शकांना वाटलं, पाठांतर कच्चं आहे. मला तसं वाटेना. पद गाळून नुसतं गद्य घेतलं की ती एका दमात म्हणत होती. पदात ती इतकी दूर जात होती की परत येताना तिला वाट सापडत नव्हती.

दुसरी गोष्ट मला उशिरा उमगली, ती माझ्या स्वतःच्या साथीची. सव्वीस वर्षं मी एकच करत आले होते. गद्य संपलं की भरघोस सूर धरायचा, मुखड्याची, म्हणजे पदाच्या सुरुवातीची, ओळ ऑर्गनवर वाजवायची, तबल्याला जागा करून द्यायची. त्या दहा-बारा सेकंदांत नाटक मीच थांबवत होते. बाहेरून येणाऱ्या नट्यांना ते सवयीचं असतं. त्या तो वेळ पदर सावरण्यात, दोन पावलं पुढे येण्यात भरून काढतात. या मुलीकडे ती युक्ती नव्हती, म्हणून भेग उघडी पडली.

ज्योत्स्ना भोळे यांच्याकडे का वळलो

१९४२ मध्ये मो. ग. रांगणेकरांच्या नाट्यनिकेतनने ‘कुलवधू’ रंगमंचावर आणलं तेव्हा भानुमती झाल्या होत्या ज्योत्स्ना भोळे. त्या आमच्याच. ११ मे १९१४ रोजी बांदिवड्याला जन्मलेली ही दुर्गा केळेकर. महालक्ष्मी आणि नागेशी या दोन्ही देवळांचा हा गाव आमच्या घरापासून दुचाकीवर वीस मिनिटांच्या आत आहे. तरी आमच्या मंडळातल्या तरुण मुलांपैकी एकालाही हे ठाऊक नव्हतं. मला याचं फार वाईट वाटलं आणि त्या दिवशी तालीम बाजूला ठेवून मी तासभर फक्त त्यांच्याबद्दल बोलले.

बांदिवडे, केरी, कुर्डी ही नावं एका दमात घ्यावीत अशी आहेत. केसरबाई केरकर १८९२ साली केरीत जन्मल्या, मोगूबाई कुर्डीकर १९०४ साली कुर्डीत. ती कुर्डी आता साळावलीच्या धरणात आहे आणि उन्हाळ्यात पाणी ओसरलं की तिची जोती वर येतात. तिघींनाही नाव मिळालं ते गोवा सोडून गेल्यावर, मुंबईत. मोगूबाईंनी लहानपणी नाटक कंपनीत कामं केली आणि पुढे त्या सातारकर स्त्री संगीत मंडळीतही होत्या. त्या ख्यालाकडे वळल्या आणि नाटक मागे पडलं. केसरबाईंचा मार्ग पहिल्यापासून मैफलीचा. ज्योत्स्नाबाई तेवढ्या दोन्हीकडे उभ्या राहिल्या. आग्रा घराण्याच्या उस्तादांकडून तालीम घेतलेला गळा त्यांनी भावगीताला आणि नाटकाला दिला.

१ जुलै १९३३ ही मराठी रंगभूमीवरची मोठी तारीख. त्या दिवशी मुंबईत ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ सादर केलं. श्री. वि. वर्तकांनी ते ब्यर्नसन या नॉर्वेच्या लेखकाच्या नाटकावरून लिहिलं होतं. लग्नाआधी बाईकडून जी शुद्धता मागतात ती पुरुषाकडून का मागू नये, असा त्याचा रोखठोक प्रश्न. वर्तकांबरोबर केशवराव दाते, पार्श्वनाथ आळतेकर, के. नारायण काळे, अनंत काणेकर अशी माणसं या खटाटोपात होती. नायिका बिंबा झाल्या एकोणीस वर्षांच्या, नुकतंच लग्न झालेल्या ज्योत्स्नाबाई. संगीत त्यांचे पती केशवराव भोळे यांचं.

त्या वर्षी बालगंधर्व पंचेचाळीस वर्षांचे होते आणि अजून नायिका रंगवत होते, लोक त्यांना डोक्यावर घेत होते. किर्लोस्करांचं ‘सौभद्र’ १८८२चं. त्यात शंभराहून जास्त पदं आहेत आणि प्रयोग रात्रभर चालत. त्याच मुशीत वाढलेल्या प्रेक्षकासमोर आता एक खरीखुरी तरुण स्त्री उभी होती. ती घरातल्यासारखी बोलत होती आणि मोजकीच पदं, ओघात येतील तेवढीच, म्हणत होती. बोलपट येऊन दोन वर्षं झाली होती आणि नाटक कंपन्या एकामागून एक मोडत होत्या. ‘स्त्रीपात्र स्त्रीने करावं’ या मुद्द्यापाशीच या प्रयोगाचं वर्णन बहुतेक वेळा थांबतं. मला त्याहून मोठी वाटते ती दुसरी गोष्ट: बोलणारी बाई आणि गाणारी बाई या दोघी एकच आहेत, असं तिथे प्रेक्षकाला वाटू लागलं.

यात केशवराव भोळ्यांचा हात मोठा. ‘एकलव्य’ या नावाने संगीतावर लिहिणारा हा चिकित्सक माणूस. पुढे प्रभात फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’ला आणि ‘कुंकू’ला संगीत दिलं ते यांनीच. शब्द आणि भाव यांना दुखावून सूर मोठा होऊ नये, हा त्यांचा आग्रह. अनंत काणेकरांच्या ‘आला खुशीत समिंदर’ला त्यांनी दिलेली चाल ज्योत्स्नाबाईंच्या तोंडून ऐकली की होडी हललेली जाणवते. ‘कुलवधू’चं संगीत मात्र मास्टर कृष्णरावांचं, म्हणजे गायक भास्करबुवा बखल्यांच्या शिष्याचं, पक्क्या गायकीतल्या माणसाचं. तरी त्या चाली आटोपशीर आहेत. रांगणेकरांच्या तीन अंकी, घरगुती, अडीच-तीन तासांच्या नाटकात मावतील अशा.

‘भा’ आणि ‘ग्याचा’

मुलीच्या फोनवर ज्योत्स्नाबाईंची ‘क्षण आला भाग्याचा’ आणि ‘बोला अमृत बोला’ ही ‘कुलवधू’तली दोन्ही पदं होती. आम्ही ती रोज तालमीआधी अर्धा तास ऐकू लागलो. नक्कल करायची नाही, असं मी पहिल्याच दिवशी बजावलं. आणखी एक सांगितलं. जुन्या अठ्ठ्याहत्तरच्या तबकडीच्या एका बाजूला साधारण तीन-साडेतीन मिनिटंच मावत. त्यामुळे तबकडीवरचं पद म्हणजे रंगमंचावरचं पद नव्हे. तिथे ते नक्कीच जास्त फुलत असणार. लांबी मोजण्यासाठी आम्ही ती ऐकत नव्हतो. ऐकत होतो ते शब्द.

तिसऱ्या दिवशी मुलीनेच फोन थांबवला. म्हणाली, “टीचर, मी ‘भाग्याचा’ मोडते.”

ती ‘क्षण आला’ म्हणून ‘भा’वर थांबत होती, तिथे आलाप घेत होती, खाली उतरत होती आणि मग ‘ग्याचा’ असा एक अनाथ तुकडा ठेवत होती. ज्योत्स्नाबाईंच्या तोंडी तो शब्द अखंड येतो. हरकत आहे, पण ती शब्दाच्या कुशीत आहे. ‘भाग्याचा’ म्हणताना बाईला भाग्य दिसतं आहे, एवढं ऐकणाऱ्याला कळतं आणि मग सूर पुढे जातो. आम्ही वहीत पदं पुन्हा लिहून काढली, या वेळी तालाचे खंड न पाडता, बोलताना जसे तुकडे पडतात तसे. प्रत्येक तुकड्यानंतर पेन्सिलीने श्वासाची खूण केली. तिच्या जुन्या वहीत श्वासाची जागा समेवरून, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवरून, ठरत होती. नव्या वहीत ती अर्थावरून ठरू लागली.

मग गद्याकडे वळलो. मुलगी बोलायची खालच्या, मंद्राकडच्या आवाजात आणि गायची काळी चारमध्ये. मध्ये एक पायरी नसलेला जिना होता. बोलणं वर चढवायचं तर खोटं वाटतं. पद खाली आणायचं तर तारसप्तकाची झळाळी जाते. चार-पाच दिवस दोन्ही करून पाहिलं. शेवटी काळी चारच ठेवली आणि पदाआधीचं फक्त शेवटचं वाक्य घेतलं. त्या वाक्याचा भाव तिच्या मनात जसजसा चढतो तसतसा आवाज चढू दे, आणि शेवटचं अक्षर षड्जाच्या, म्हणजे ‘सा’च्या, आसपास येऊन टेकू दे. गाऊन टेकवायचं नाही, बोलूनच. माणूस आनंदात असला की त्याचा आवाज तसाही चढतो. ते अक्षर जिथे टेकेल तिथे मी डाव्या हाताने, भाता अगदी हलका ठेवून, एकच स्वर लावायचा. मुखडा वाजवायचा नाही. तबला पहिल्या ओळीला गप्प.

माझ्यासाठी हे सोपं नव्हतं. हात सवयीने मुखड्याकडे जायचा. एका तालमीत दोन वेळा गेला. मुलगीच हसून म्हणाली, “टीचर, तुमचीपण तालीम चालू आहे.”

तबलजी आमच्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठे, गावात सगळे त्यांना बाबा म्हणतात. त्यांनी दोन दिवस ऐकून घेतलं, तिसऱ्या दिवशी डग्ग्यावर कापड टाकलं. म्हणाले, “पद म्हणजे नाटकातलं जेवण. तुम्ही ते चटणीसारखं वाढताय. लोक रात्री दोनपर्यंत कशासाठी बसतात?” त्यांचं म्हणणं उडवून लावण्यासारखं नाही. आमच्या गावातले प्रेक्षक गाण्याचे दर्दी आहेत. तान चुकली की मान हलायची थांबते आणि वन्स मोअर उगीच मिळत नाही. जत्रेतलं संगीत नाटक टिकलं ते या लोकांमुळे. कला अकादमीच्या संगीत नाट्यस्पर्धेला दरवर्षी गोव्यातल्या खेड्यापाड्यांतून संघ उतरतात तेही याच मातीतून. मी बाबांना म्हटलं, दुसऱ्या पदाला तुम्हाला पाहिजे तेवढी जागा घ्या. पहिलं पद मात्र आमच्या पद्धतीने. ते ‘बरं’ म्हणाले नाहीत, पण कापड काढलं.

चौथा माणूस ध्वनीवाला. पद सुरू झालं की आवाज वाढवायचा, हे त्याच्या बोटांत बसलेलं. १९३३ साली नटाला शेवटच्या रांगेपर्यंत आवाज आपल्या छातीच्या जोरावर न्यावा लागे. आज कॉलरला माइक असतो, म्हणजे बोलण्याच्या आवाजात गाणं खरं तर आज जास्त सोपं आहे. तो वाढवलेला आवाज आमचं सगळं जोडकाम एका क्षणात उखडून टाकायचा. त्याला आम्ही तालमीला बोलावून शेजारी बसवलं आणि पहिल्या पदापुरतं बटणाला हात लावू नको, असं सांगितलं. नाटकाच्या तालमीला ध्वनीवाल्याला बोलावण्याची ही आमच्या गावातली पहिली वेळ. इतकी वर्षं हे का सुचलं नाही, याची मला चुटपुट लागून राहिली आहे.

तिसऱ्या आठवड्याच्या अखेरीस एक तालीम अशी झाली की पद कधी सुरू झालं ते दिग्दर्शकांना कळलं नाही. ते वहीत काहीतरी लिहीत होते, वर पाहिलं तर मुलगी गात होती. डोळे उघडे, हात खाली, नजर समोरच्या नटावर. पद संपल्यावरचं वाक्य ती विसरली नाही. त्यानंतर ते वाक्य ती एकदाही विसरली नाही, आणि पाठांतर वाढवण्यासाठी आम्ही काहीच केलं नव्हतं.

जत्रेची रात्र

प्रयोग अकराच्या सुमारास सुरू झाला. नांदी, मग पहिला प्रवेश. मंडप भरलेला, मागे रस्त्यावर खाज्याची दुकानं, मुलांचे पिपाणीचे आवाज. मुलीची मांय दुसऱ्या रांगेत बसली होती.

शेवटचं वाक्य आलं, चढलं, टेकलं. मी एक स्वर लावला. ‘क्षण आला भाग्याचा’ अखंड आलं. पुढच्या ओळीला तबला हलकेच शिरला. बाबांचा इतका नाजूक हात मी तरी त्यापूर्वी ऐकला नव्हता. पद संपलं आणि टाळी आली नाही. वन्स मोअरही नाही. मुलगी पुढचं वाक्य बोलली आणि प्रवेश पुढे गेला. माझे हात थंड पडले होते. आमच्या गावात नायिकेच्या पहिल्या पदाला टाळी न मिळणं म्हणजे नाटक पडलं, असंच मानतात. अंक संपल्यावर पडद्यामागे मुलगी रडवेली झाली होती. “टीचर, आवडलं नाही त्यांना.” दिग्दर्शकांनी तिला पाणी दिलं, म्हणाले, “पिपाण्या थांबल्या होत्या, ऐकलंस का?” तिने ऐकलं नव्हतं. मी ऐकलं होतं, पण त्या घटकेला मलाही खात्री नव्हती.

दुसऱ्या पदाला ती घाबरली आणि जुन्या वाटेने गेली. ‘बोला अमृत बोला’ ही भैरवी, प्रत्येकाच्या ओळखीची. तिने डोळे मिटले, हात वर आला, ताना सुटल्या. बाबांनीही मनसोक्त वाजवलं. मंडपाने दोनदा वन्स मोअर घेतला. कोणी बक्षीस लावलं, ते माइकवरून जाहीर झालं, तेवढा वेळ भानुमती रंगमंचावर तशीच हात जोडून उभी होती. लोकांना ती रात्र त्या पदासाठी आठवते. आठवडाभर बाजारात मला त्याबद्दलच बोलणारे भेटत होते.

पहिल्या पदाबद्दल बोलणारी एकच भेटली, तिची मांय. देवळाच्या पायऱ्यांवर तिने मला थांबवलं. म्हणाली, पहिल्या वेळी ती गाऊ लागली हे मला समजलंच नाही, मला वाटलं ती त्याला काहीतरी सांगते आहे.

आमचा प्रयोग फसला की साधला, याचा हिशेब मंडळाच्या बैठकीत दोन्ही बाजूंनी मांडला गेला. दिग्दर्शक आणि मी एका बाजूला, बाबा आणि जुने कार्यकर्ते दुसऱ्या. माझं मत मी तिथे स्पष्ट सांगितलं आणि इथेही सांगते. दुसऱ्या पदाने मंडप जिंकला, पण भानुमती टिकली ती पहिल्यात. दोन्ही एका नाटकात राहू शकतात. मात्र पाच आठवड्यांत एकाच पदाची शिलाई बसवून होते, दुसऱ्याला वेळ उरत नाही. बाहेरून दोन दिवस आधी येणाऱ्या नटीकडून ही शिलाई होणं अशक्यच. तिचा दोष नाही, तिला तेवढे दिवस कोणी देतच नाही. म्हणून मी बैठकीत मागितले ते पैसे नव्हते, दिवस मागितले. यंदाच्या तालमी दिवाळीनंतर लगेच सुरू करायचं ठरलं आहे. नायिका गावातलीच असावी की नाही, त्यावर अजून एकमत नाही.

मुलगी शनिवारी शिकायला येते. आता आम्ही ‘बोला अमृत बोला’ घेतलं आहे, पेन्सिल आणि वही घेऊन, अगदी पहिल्या ओळीपासून. ज्योत्स्नाबाई २००१ साली गेल्या. त्यांच्या आवाजाची जी प्रत आमच्याकडे आहे ती तबकडीवरून उतरवलेली, खरखर भरपूर. मुखड्यात ‘शुभसमयाला’च्या पुढे जाताना त्या श्वास कुठे घेतात, ते त्या खरखरीत सापडत नाही. मुलीने आवाज वाढवून पाहिला, गती कमी करून पाहिली, माझ्या मुलाचे हेडफोन लावून पाहिले. वहीत त्या जागी सध्या पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह आहे. मागच्या शनिवारी ती म्हणाली, “टीचर, त्या तिथे श्वास घेतच नसतील,” आणि ते खरं की खोटं ते पाहायला उभी राहून एका दमात म्हणू लागली.